कवडसा वळला नाही

सहाव्या मोकळ्या दिवशी भर दुपारी कवडसा वळला. तो वळलेला तिने डोळ्यांनी पाहिला, आणि वर कठड्याशी कान देऊन उभ्या असलेल्या मास्तरांना ती म्हणाली, "अजून नाही."

आवाज अगदी नेहमीचा आला. दूध तापलं का असं कुणी विचारावं आणि चुलीकडे न बघताच आपण नाही म्हणावं, तसा. मास्तर 'बरं' म्हणाले आणि काठी टेकत आत गेले. मोजणीघराच्या अंगणात ती एकटी उरली. समोर अडीच पुरुष उंचीचा दगडी खांब, त्याच्या माथ्यावर तांब्याचा पत्रा, पत्र्याला मसुरीएवढं भोक, आणि त्या भोकातून उतरलेला वाटीएवढा, जरा लांबट कवडसा खालच्या दगडी पट्टीवर पडलेला. काल खडूने ओढलेल्या रेघेपासून तो खांबाच्या दिशेने सरकला होता. फार नाही, अर्धं नख. पण सरकला होता. आजची रेघ अजून ओढायची होती. तिने वाकून ती ओढली, पण कालच्या रेघेच्या अलीकडे ओढायची ती पलीकडे ओढली, आणि उभी राहिली तेव्हा पायांना मुंग्या आल्या होत्या. चोरी केल्यावर असंच होतं का, हे तिला ठाऊक नव्हतं. आधी कधी केली नव्हती.

या शहरात वर्ष लागतं ते असं. चाळीस नवडे मोजायचे. नवड्याचे दिवस नऊ. पहिले वीस नवडे ओसरते, कारण त्यांत खांबाची दुपारची सावली दिवसेंदिवस आखूड होत जाते. पुढचे वीस वाढते. जन्म, करार, शाळेचे वर्ग, औषधांच्या मुदती, सगळं या हिशेबात बसतं. ओसरत्याचा सातवा नवडा, दिवस चौथा, असं लिहिलं की कुणाला काही विचारावं लागत नाही. पण चाळीस नवडे सरले म्हणून वर्ष सरत नाही. सावली आपली वाढतच असते. ती वाढायची तेवढी वाढून माघारी फिरेपर्यंतचे जे दिवस, ते मोकळे. त्यांना आकडा नाही. कधी पाच असतात, कधी सहा. कवडसा वळला की मोजणीदार 'वळला' अशी हाक देतो, घंटा होते, आणि दुसऱ्या सकाळी नवं वर्ष. मागे कुणा हुशार माणसाने गणित मांडून दाखवलं होतं म्हणे, की तीन वर्षं पाच-पाच दिवसांची आणि चौथं सहाचं असं धरून चाललं तर खांबाकडे बघायचीही गरज नाही. लोकांनी त्याला मानाने जेवायला घातलं, गणित कपाटात ठेवलं, आणि पुन्हा खांबाकडे बघायला लागले. लेकीकडे जायचं तरी आपण आधी निरोप धाडतो, मग आकाशाला न विचारता वर्ष कसं बदलायचं, असं त्यांचं म्हणणं पडलं.

मोकळ्या दिवसांत कुणाचं वय वाढत नाही आणि कशाचीच मुदत सरत नाही. पावाची भट्टी आणि दवाखाना सोडला तर सगळीकडे कुलपं. माणसं खुर्च्या उचलून रस्त्यात आणून बसतात आणि बसल्या बसल्या पेंगतात; बोलता बोलता कुणाचा डोळा लागला तर समोरचा तसाच थांबतो आणि तो जागा झाला की वाक्य पुढे नेतो. शहर आपलं कुशीवर वळून पडल्यासारखं असतं. आणि सगळ्यांत मोठी गोष्ट म्हणजे या दिवसांत बोललेलं धरत नाहीत. वर्षभर ओठांशी अडलेलं माणसं याच दिवसांत बोलून टाकतात, सासू सुनेला, सून सासूला, थोरला धाकट्याला. घंटा झाली की ते बोलणं गेलं. 'तू तेव्हा म्हणाली होतीस' असं नव्या वर्षात काढणारा माणूस हलका समजला जातो, त्याला कुणी जवळ करत नाही. म्हणूनच वहिनीने ते पहिल्याच मोकळ्या दिवशी सांगितलं. जिन्याच्या पायरीवर ती बसली होती, वरच्या पायरीवर बसून वहिनी तिचे केस विंचरत होती, आणि विंचरणं न थांबवता वहिनी म्हणाली की नव्या वर्षाच्या दुसऱ्या दिवशी ती स्वतः बाइंडरच्या घरी राहायला जाणार. बाइंडर म्हणजे मोजणीघराच्या वह्या बांधणारा. कमी बोलणारा, खळीने नखं कायम पांढरी झालेला माणूस. तिला त्याच्याविरुद्ध काही सुचेना. ती 'बरं' म्हणाली. फणी केसांतून दोनदा गुंता नसताना अडली, एवढंच.

वहिनी तिला 'वन्सं' म्हणते. बारा वर्षांपूर्वी लग्न होऊन आली तेव्हा वहिनी बावीसची आणि ती एकवीसची. नणंदेला वचकून राहावं लागतं असं वहिनीने माहेरी ऐकलेलं, आणि दारात बघते तर बोटं शाईने बरबटलेली, एका पायातली चप्पल तुटलेली ही मुलगी. वहिनीने हसू दाबून, मान खाली घालून 'आज्ञा करावी वन्सं' म्हटलं. थट्टेतलं ते नाव अंगाला चिकटलं, अहो-जाहोसकट. आई-वडील आधीच गेलेले, दादा नऊ वर्षांपूर्वी घरातून निघाला तो परतला नाही, आणि शिंप्याच्या दुकानावरच्या त्या दोन खोल्यांत या दोघी राहिल्या. वहिनी दवाखान्यात औषधाच्या पुड्या बांधते. तिच्या हातांना कापराचा आणि कसल्याशा कडू सालीचा वास येतो, आणि तो वास आता भाताला, उशीला, दाराच्या कडीलासुद्धा लागला आहे. जिन्यावरच्या पावलांवरून तिला कळतं की आज दवाखान्यात कुणी दगावलं की सगळे घरी गेले. थंडीत वहिनी आपले गार तळपाय तिच्या पोटरीला लावून पुस्तक वाचते आणि पान संपलं की विचारल्याशिवाय मोठ्याने वाचायला लागते. या सगळ्याला काही नाव द्यावं असं तिला नऊ वर्षांत वाटलं नव्हतं. जिन्यातली ती फणी अडली तेव्हा पहिल्यांदा वाटलं, आणि नाव सुचलं नाही.

दादा गेला तो एका गणितासाठी. त्याच्या डोक्यात असं की इथे एक खांब आहे, तसाच आणखी एक खूप दक्षिणेला नेऊन रोवायचा, आणि एकाच दुपारी दोन्ही सावल्या मोजायच्या. सावल्यांतला फरक आणि मधलं अंतर ठाऊक झालं की सगळी पृथ्वी केवढी ते निघतं. ती तेव्हा मोजणीघरात नुकती लागली होती. तिने विचारलं होतं, एकच दुपार कशी ओळखायची, तुझे दिवस आणि माझे दिवस वाटेत चुकले तर? दादा जेवता जेवता थांबला आणि खूष होऊन म्हणाला की वळायचाच दिवस धरू. सूर्य वळतो तो सगळ्यांसाठी एकदमच वळतो, त्याला काय गावं वेगळी? मग दांडी खांद्याला, दिवस मोजायला गाठी मारायची दोरी कमरेला, असा तो निघाला. त्या वर्षी कवडसा वळला त्या दुपारी तिने इथल्या खांबाची सावली केसाएवढीही चूक न होऊ देता मोजली. तो आकडा अजून तिच्या टेबलाच्या खणात आहे. अर्धं गणित. सुरुवातीला तिला वाटायचं की तो तिकडे कुठेतरी आहे, पण 'वळला' अशी हाक द्यायला तिथे कुणी नाही, त्यामुळे त्याचे मोकळे दिवस संपलेच नाहीत; तो त्याच वयाचा, त्याच वर्षाच्या काठावर दोरीला गाठी मारत बसलेला आहे. पुढे पुढे हे वाटणंही विरळ झालं. गेलेल्या माणसाची वाट नऊ वर्षं बघायची असा नियम. नऊ पुरी होऊन दहाव्याची सकाळ उजाडली की नोंदघराचा माणूस येतो, दारावरच्या पाटीवरून नाव पुसतो, आणि त्याच्या बायकोला हवं तिथे जायची मुभा होते. दादाची नऊ या वर्षी पुरी होत होती. वर्ष लागलं नाही तर पाटी पुसली जाणार नाही, आणि पाटी पुसली नाही तर वहिनी जाणार नाही. मसुरीएवढ्या भोकात मावण्याइतकं हे साधं गणित होतं, आणि ते करताना आपण दादाचा विचार केलाच नाही, हे सहाव्या दिवशी संध्याकाळी घराकडे येताना तिच्या ध्यानात आलं. रस्ताभर माणसं खुर्च्यांवर पेंगत होती. भट्टीवालीने विचारलं, काय गं सावलीवाले, झालं का? ती म्हणाली, बहुतेक उद्या. भट्टीवाली म्हणाली की बरं आहे, गुडघ्याला आणखी एक दिवस आराम. या शब्दांनी तिला इतकं बरं वाटलं की ती जिन्यात जरा थांबून मग वर गेली.

सातव्या दिवशी कवडसा पुरता नखभर आत आला होता. तिने पुन्हा पलीकडे रेघ ओढली, पुन्हा 'अजून नाही' म्हटलं, आणि मास्तरांनी पुन्हा 'बरं' म्हटलं. मास्तर कधीकाळी शहरातले सगळ्यांत तीक्ष्ण डोळ्यांचे मोजणीदार होते. आता दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, आणि तिचे डोळे हेच त्यांचे डोळे. 'तू बघतेस म्हणजे मीच बघतो,' असं ते पाहुण्यांना सांगत. ती वह्यांच्या खोलीत गेली. याआधी सात मोकळे दिवस कधी झाले होते का, एवढंच तिला बघायचं होतं; एखादा दाखला मिळाला तर रात्री झोप लागेल असं वाटलं. खोलीत खळीचा आणि जुन्या कागदाचा वास होता. पाठीमागे जात जात ती एकतीस वर्षांपूर्वीच्या वहीपाशी थांबली. तिथे मोकळे दिवस आठ लिहिले होते. तिला आधी हायसं वाटलं. मग हाताला लागलेली सवय म्हणून तिने पुढच्या वर्षाची वही उघडली. तिथे तीन होते.

ती वह्या मांडीवर घेऊन खाली बसली. आठ आणि तीन अकरा. सहा आणि पाच अकरा. सूर्य कुणाचं ऐकत नाही. त्याच्याकडून ओढून घेतलेले दिवस तो पुढच्या वर्षी न बोलता वळते करून घेतो. म्हणजे त्या वर्षी कुणीतरी कवडसा वळल्यावर दोन दिवस 'अजून नाही' म्हणत राहिलं होतं. तेव्हाचे मोजणीदार कोण होते ते बघायला पान उलटायची गरज नव्हती. मास्तरांची बायको त्या वर्षी आजारी होती, नवं वर्ष बघणार नाही असं वैद्य म्हणाले होते, हे मोजणीघरात सगळ्यांना माहीत होतं. ती मोकळ्या दिवसांतच गेली. मोकळ्या दिवसांत मेलेल्या माणसाला तारीख नसते. वर्षातला एकही दिवस असा नाही की ज्या दिवशी मास्तरांनी तिच्यासाठी दार लावून बसावं. त्यामुळे एकतीस वर्षं ते रोज कामावर येतात, एकही सुट्टी न घेता, आणि लोक त्यांच्या चिकाटीचं कौतुक करतात. तिने वह्या जागच्या जागी ठेवल्या. बाहेर आली तेव्हा मास्तर अंगणातल्या उन्हात बसले होते, तळहात वर करून, कुणी त्यांत काही ठेवील अशा बेताने.

आठव्या दिवशी शहराची झोप बिघडली होती. खुर्च्या तशाच होत्या, पण पेंगणारं कुणी नव्हतं. माणसं उगीच उभी राहायची, उगीच बसायची. वर्षभराचं बोलायचं ते बोलून संपलं होतं आणि आता पुढे काय बोलायचं ते कुणाला सुचत नव्हतं. काहींनी मुद्दाम तेच भांडण पुन्हा काढलं, तर त्यात जीव उरला नव्हता. सकाळी वहिनीने चहा गाळता गाळता सांगितलं की बाइंडर काल रात्रभर जागा होता. म्हणत होता, मला वाटतं आकाशालाच आमचं स्थळ पसंत नाही. वहिनी हे सांगून हसली. तीही हसली, आणि हसताना तिला आपल्या तोंडाची कातडी स्वतःची नसल्यासारखी, कुणाकडून मागून आणल्यासारखी वाटली. दुपारी कवडसा बोटभर आत होता. खडूच्या तीन खोट्या रेघा पट्टीवर एकापुढे एक अशा ओळीने निघाल्या होत्या, कुठे निघाल्या ते न विचारता. ती घरी आली तर खाली शिंप्याच्या दुकानात गडबड. सुनेला कळा सुरू झाल्या होत्या. वहिनी केव्हाच खाली गेली होती. ती वर खिडकीत बसली. खालून पाण्याचं भांडं ठेवल्याचा आवाज, शिंप्याच्या येरझाऱ्या, मग एक लहान, रागावलेला आवाज. ऊन भिंतीवरून निघून गेलं तेव्हा वहिनी वर आली, हात पुसत.

"मुलगी झाली," वहिनी म्हणाली. "मोकळीच."

शहरात अशा मुलांना मोकळा, मोकळी म्हणतात. प्रेमाने म्हणतात, वाईट काही नसतं त्यात. पण त्यांना वाढदिवस नसतो. शाळेत वर्गातल्या मुलांचे वाढदिवस भिंतीवर लिहितात तेव्हा ती मुलं खिडकीबाहेर बघतात. ती मनातल्या मनात दिवस मोजायला लागली, मोजणं थांबवूनही थांबेना. कवडसा वळला तो सहाव्या दिवशी. सातवा म्हणजे नव्या वर्षाचा पहिला. आठवा म्हणजे दुसरा. खाली ज्या मुलीच्या मुठी अजून उघडल्या नव्हत्या तिचा वाढदिवस ओसरत्याचा पहिला नवडा, दिवस दुसरा, असा होता, आणि तो जगात एकाच माणसाला ठाऊक होता. जेवण झालं. वहिनीने पुस्तक उघडलं, पण पान मोठ्याने वाचलं नाही.

नवव्या दिवशी दुपार व्हायच्या जरा आधी वहिनी मोजणीघराच्या अंगणात आली. बाहेरच्यांना तिथे यायला मनाई नाही, पण कुणी येत नाही. सावलीत बघायचं काय, असं लोकांना वाटतं. कवडसा पट्टीवर येऊन टेकला होता आणि जो वेग फक्त मोजणीदारांनाच दिसतो त्या वेगाने सरकत होता. वहिनी पट्टीशेजारी उकिडवी बसली. तिने खडूच्या रेघा बघितल्या, मग कवडसा बघितला, मग त्याच्याखाली तळहात धरला. उजेडाची ती वाटी तिच्या हातावर आली. बोटांच्या रेघा, कुठे पुड्यांच्या दोऱ्याने कापलेल्या खुणा, सगळं लख्ख दिसत होतं.

"स्वयंपाकघरातलं ऊन," वहिनी हाताकडे बघतच म्हणाली, "दरवर्षी त्या फुटक्या फरशीपर्यंत येतं आणि मागे फिरतं. नऊ वर्षं मी दुसरं काय बघितलंय, वन्सं? तीन दिवस झाले ते फिरून."

 तिच्या डोळ्यांपुढे भलतंच आलं. शहरातल्या प्रत्येक घरात एक खिडकी, प्रत्येक खिडकीखाली एक फरशी, प्रत्येक फरशीवर मागे फिरलेलं ऊन, आणि ते बघून मान हलवणारी माणसं, की आपलीच फरशी चुकत असेल, मोजणीघर कसं चुकेल.  तू बोलली का नाहीस, असं तिने विचारलं.

"म्हटलं, घ्या तुम्हाला हवे तर. मला नऊ वर्षं काढता आली, तुमच्यासाठी चार दिवस जड नव्हते." वहिनीने हात काढून घेतला; कवडसा पुन्हा दगडावर पडला. "पण काल ती पोर झाली आणि तिच्या आईने मला विचारलं, हिला मोठेपणी काय सांगायचं. मी तोंड फिरवून कापसाच्या घड्या घालत बसले. मला नाही जमायचं ते."

ऊन अगदी स्थिर होतं. खांबाच्या दगडातून गारवा येत होता आणि पट्टीतून ऊब. तिने फार काळ पाण्याखाली राहून वर आल्यासारखा श्वास घेतला आणि ती म्हणाली, "वहिनी, तू राहा."

 वहिनीने खडूची भुकटी लागलेली बोटं अंगठ्याने झाडली. "जाणार आहे मी," ती हळूच म्हणाली. "पण म्हणालात ते बरं झालं. नऊ वर्षांत मला सगळे वाट बघ म्हणाले. राहा असं कुणी म्हटलं नव्हतं." आणि मग, नेहमीच्या थट्टेच्या सुरात, पण तो सूर वाटेत कुठेतरी खरवडून निघालेला, "घाबरू नका. मोकळ्या दिवसांतलं बोलणं आहे. उद्या मी विसरलेली असेन."

वर कठड्याशी काठी वाजली. मास्तर रोजच्या वेळी रोजच्या जागी येऊन उभे राहिले होते. कवडसा भर दुपारच्या खुणेवर, पट्टीच्या मधोमध, आला. आता फक्त 'वळला' म्हणायचं होतं. म्हटलं की घंटा होईल, उद्या नवं वर्ष लागेल, पाटी पुसली जाईल, वहिनी परवा जाईल. नऊ मोकळे दिवस वहीत जातील आणि पुढच्या वर्षी सूर्य ते न बोलता दोनावर आणील. कुणाच्या लक्षात आलं तर तीस वर्षांनी येईल. खालची मुलगी मोकळी राहील. आणि तिने मघाशी म्हटलेला शब्द मोकळ्या दिवसांबरोबर धुऊन निघेल, जणू तो कुणी म्हटलाच नव्हता. तिला अचानक दादा आठवला, नऊ वर्षांत पहिल्यांदा इतका जवळून. तो मधेच घास हातात धरून थांबलेला, आनंदाने डोळे मोठे झालेले, सूर्य वळतो तो सगळ्यांसाठी एकदमच वळतो म्हणणारा. ही आठवण दादासाठी होती. निव्वळ त्याच्यासाठी.

"वळला," ती म्हणाली. मग अंगणात पुरेसं ऐकू जाईल अशा आवाजात, "तीन दिवसांपूर्वी वळला, मास्तर. सहाव्याला. मी खोटं सांगितलं. आज वर्षाचा तिसरा दिवस आहे."

 घंटेची दोरी मास्तरांच्या हाताशीच होती. ते जिना उतरून खाली आले, एकेक पायरी काठीने चाचपत, आणि तिच्यापुढे हात केला. तिने खडू त्यांच्या हातात ठेवला. तो परत मिळणार नाही हे दोघांनाही कळत होतं. नोंदघराला आजच कळवावं लागेल, आणि नोंदघर असल्या गोष्टींत दयाबिया दाखवत नाही. मास्तरांनी खडू मुठीत घेतला, पण ते गेले नाहीत. वहिनी तिथे आहे हे त्यांना पावलांवरून कळलं असावं, तरीही ते थांबले, आणि खाली बघून, एखाद्या मुलाने गणित अडल्यावर विचारावं तसं त्यांनी विचारलं, "आठ मोकळे झाले त्या वर्षी... सातव्या दिवशी सकाळी गेलेलं माणूस. ते कुठे येतं?"

तिला वही बघावी लागली नाही. "ओसरत्याचा पहिला नवडा," ती म्हणाली. "दिवस पहिला."

मास्तरांचे ओठ हलले. त्यांनी ती तारीख आवाज न करता एकदा म्हणून पाहिली, मग एकदा आवाजात. मग म्हणाले, परवाच झाला की. आणि घंटेकडे जायला वळले.

घंटा झाली तेव्हा त्या दोघी रस्त्यावर पोहोचल्या होत्या. माणसं खुर्च्यांवरून उठत होती, डोळे चोळत होती, कुणी कुलूप काढायला धावत होतं, आणि तिसरा दिवस ही बातमी मोजणीघराच्या दारातून निघून त्यांच्याही पुढे पळत होती. कुणाचा तिच्यावर विश्वास बसत होता, कुणी म्हणत होतं, मी माझ्या बायकोला म्हटलंच होतं. उद्यापासून आपल्याला कुठे जायचं नाही हे तिला कळत होतं, पण लागत नव्हतं. ऊन सगळ्यांवर सारखं पडलं होतं आणि तिचे पाय आपोआप वहिनीच्या पायांबरोबर पडत होते. खाली शिंप्याच्या दारात सून उन्हात बसली होती, मांडीवर ते इवलं गाठोडं. शिंपी पुढे आला. लोक कायकाय बोलतायत, काही कळेना, आज दिवस तरी कोणता, असं त्याने तिला विचारलं. 

"तिसरा," वहिनी म्हणाली. "तुमची नात काल झाली. दुसऱ्या दिवसाची. लिहून ठेवा कुठेतरी."

शिंपी आत पळाला, पेन्सिल शोधायला. जिन्यावर आल्यावर वहिनी दोन पायऱ्या चढली आणि मागे वळून तिच्याकडे बघू लागली. बाहेर उजेड होता, जिन्यात अंधार, त्यामुळे तिचा चेहरा दिसत नव्हता. फक्त कापराचा आणि कडू सालीचा वास आला.

"म्हणजे मघाशी तुम्ही मला राहा म्हणालात, ते तिसऱ्या दिवशी म्हणालात," वहिनी म्हणाली. "उद्या मी बाइंडरकडे जाणार, त्यात बदल नाही. पण ते म्हटलेलं मी धरलंय, वन्सं. आता मागे घेता यायचं नाही."

"नको घेऊ देऊस," ती म्हणाली.